रंगांत बोलणारे जीव : वसईच्या समुद्रातील माकूळ आणि परग्रहवासीयांची भाषा

१९७७ साली प्रदर्शित झालेल्या स्टीव्हन स्पीलबर्ग यांच्या 'क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड' या चित्रपटात परग्रहावरून आलेले यान मानवाशी शब्दांनी बोलत नाही. रंगीत दिव्यांची उघडझाप आणि पाच सुर हीच त्याची भाषा असते. या चित्रपटातील भारतातील प्रसंगाचे चित्रीकरण महाराष्ट्रातच, तेव्हाच्या कुलाबा आणि आजच्या रायगड जिल्ह्यातील खालापूर परिसरात झाले होते. पुढे २०१६ साली आलेल्या 'अरायव्हल' या चित्रपटातील सात पायांचे परग्रहवासी शाईसारख्या द्रवाची वर्तुळे उमटवून आपले म्हणणे मांडताना दाखवले आहेत. टेड चँग यांच्या १९९८ सालच्या कथेवर तो आधारलेला आहे. उच्चाराऐवजी रंगातून, आकृतीतून विचार करणारा आणि बोलणारा जीव ही कल्पना विज्ञानकथालेखकांना वारंवार खुणावत आली आहे.

असा जीव पाहण्यासाठी दुसऱ्या ग्रहावर जाण्याचे कारण नाही. वसई तालुक्यातील अर्नाळा, पाचूबंदर, किल्लाबंदर किंवा नायगाव येथील मच्छीमारांना तो चांगला परिचित आहे. नालासोपारा-विरारच्या मासळीबाजारात तो टोपलीत निपचित पडलेला दिसतो आणि घरोघरी त्याचे कालवण होते. त्याचे नाव माकूळ. कोकण किनाऱ्यावर माकुल, म्हाकूल, माकले अशीही त्याची नावे आहेत. माकूळ आणि त्याचा भाऊबंद ऑक्टोपस यांच्या कातडीवर क्षणाक्षणाला बदलणाऱ्या रंगांचा अर्थ काय, हा प्रश्न गेल्या काही दशकांत जीवशास्त्र, मेंदूविज्ञान आणि भाषाविज्ञान या तिन्ही शास्त्रांच्या कुतूहलाचा विषय झाला आहे. त्याचे उत्तर केवळ माकुळापुरते मर्यादित नाही. आपल्याहून सर्वस्वी वेगळ्या घडणीची बुद्धी समोर आली, तर ती माणसाला ओळखता येईल का, याचीच ती परीक्षा आहे.

शंखशिंपल्यांचा नातेवाईक

बाजारात माकुळाची गणना मासळीत होत असली तरी तो मासा नव्हे. त्याला पाठीचा कणा नाही. शास्त्रीय वर्गीकरणानुसार तो मृदुकाय संघातील, म्हणजेच शिंपल्या, कालवे, गोगलगायी यांच्या कुळातील प्राणी आहे. या संघातील ज्या वर्गात त्याचा समावेश होतो, त्याला शीर्षपाद असे म्हणतात. डोक्यालाच पाय फुटलेले, असा या नावाचा अर्थ आहे. माकुळाला आठ भुजा आणि भक्ष्य पकडण्यासाठी दोन लांब शुंडके असतात. ऑक्टोपसला फक्त आठ भुजा असतात.

माकूळ या एकाच नावाखाली प्रामुख्याने दोन प्रकारचे प्राणी येतात. इंग्रजीत ज्याला स्क्विड म्हणतात तो लांबट, नळीसारख्या अंगाचा. त्याच्या शरीरात पारदर्शक, पात्यासारखी पातळ पट्टी असते. दुसरा कटलफिश हा रुंद, ढालीसारख्या अंगाचा असून त्याच्या पाठीत पांढरी, हलकी, सच्छिद्र पाटी असते. या पाटीतील सूक्ष्म कप्प्यांत वायू व द्रव यांचे प्रमाण कमीजास्त करून तो पाण्यात हवा तसा तरंगतो. राजोडी, कळंब, भुईगाव, अर्नाळा येथील किनाऱ्यांवर लाटांबरोबर येऊन पडणारा 'समुद्रफेस' तो हाच. पिंजऱ्यातील पक्ष्यांना चोच घासण्यासाठी तो दिला जातो, सोनार ओतकामाच्या साच्यासाठी तो वापरतात आणि आयुर्वेदात 'समुद्रफेन' या नावाने त्याला स्थान आहे. त्याला फेस म्हणण्याची रीत असली तरी प्रत्यक्षात तो एका मृत प्राण्याच्या शरीरातील आधार असतो.

अरबी समुद्रात आढळणाऱ्या जातींपैकी सेपिया फॅराओनिस हा मोठा कटलफिश आणि युरोट्युथिस दुवॉसेली हा भारतीय स्क्विड या दोन जाती व्यापारी दृष्ट्या महत्त्वाच्या आहेत. गोठवलेले माकूळ हा भारताच्या सागरी निर्यातीतील प्रमुख मालांपैकी एक असून युरोपातील देश त्याचे जुने ग्राहक आहेत.

या प्राण्यांची शरीररचना कोणत्याही विज्ञानकथेला लाजवील अशी आहे. त्यांना तीन हृदये असतात. त्यांच्या रक्तात लोहाऐवजी तांब्यावर आधारित द्रव्य प्राणवायू वाहून नेते, त्यामुळे रक्त निळसर दिसते. साध्या ऑक्टोपसच्या शरीरात सुमारे ५० कोटी चेतापेशी असतात आणि त्यांपैकी जवळजवळ दोन तृतीयांश मेंदूत नसून भुजांमध्ये असतात. माणूस आणि माकूळ यांचा समान पूर्वज ५० कोटींहून अधिक वर्षांपूर्वी होऊन गेला. तो बहुधा कृमीसारखा साधा जीव होता. याचाच अर्थ असा की माणसाचा मोठा मेंदू आणि माकुळाचा मोठा मेंदू हे निसर्गाने दोन वेगळ्या वाटांनी, एकमेकांपासून स्वतंत्रपणे घडवले. तत्त्वज्ञ पीटर गॉडफ्रे-स्मिथ यांनी २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या 'अदर माइंड्स' या पुस्तकात हीच गोष्ट अधोरेखित केली. बुद्धिमान परग्रहवासीयाला भेटण्याचा अनुभव पृथ्वीवर कोठे मिळण्यासारखा असेल, तर तो या प्राण्यांच्या सहवासात, असे त्यांचे म्हणणे आहे.

रंग बदलण्याचे यंत्र

शीर्षपादांच्या रंगबदलाची नोंद फार जुनी आहे. इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात ॲरिस्टॉटलने ऑक्टोपस आजूबाजूच्या दगडांसारखा रंग धारण करतो आणि घाबरल्यावरही रंग पालटतो, असे लिहून ठेवले आहे. १८३२ साली 'बीगल' जहाजावरील प्रवासात केप व्हर्दे बेटांवर चार्ल्स डार्विन यांनीही ऑक्टोपसचे हे कसब कुतूहलाने न्याहाळले होते.

रंग बदलणारा प्राणी म्हटला की सरडा आठवतो. पण सरडा आणि माकूळ यांच्यात मोठा फरक आहे. सरड्याचा रंग बदलण्यास अनेक सेकंदांपासून काही मिनिटांपर्यंतचा वेळ लागतो. माकुळाचा रंग सेकंदाच्या अंशात बदलतो. याचे कारण त्याच्या कातडीच्या रचनेत आहे. कातडीत पिवळ्या, तांबूस आणि तपकिरी-काळ्या रंगद्रव्याच्या सूक्ष्म, लवचीक पिशव्या असतात. प्रत्येक पिशवीभोवती चाकाच्या आऱ्यांप्रमाणे स्नायूंचे साधारण १५ ते २५ तंतू जोडलेले असतात. हे स्नायू आकुंचन पावले की पिशवी चहूबाजूंनी ताणली जाऊन रंगाचा ठिपका पसरतो. स्नायू सैल पडले की ती आक्रसून टाचणीच्या टोकाएवढी होते व तो रंग दिसेनासा होतो.

महत्त्वाचा मुद्दा असा, की हे स्नायू थेट मेंदूतून येणाऱ्या चेतातंतूंच्या ताब्यात असतात. माणसाच्या चेहऱ्यावरील लाली रक्तप्रवाहामुळे येते आणि जाते. माकुळाच्या अंगावरील प्रत्येक ठिपक्याला मात्र मेंदूचा हुकूम सुटतो. मोठ्या कटलफिशच्या अंगावर अशा रंगपिशव्या लाखोंच्या संख्येने असतात. त्यांच्या खाली प्रकाश परावर्तित करणाऱ्या पेशींचे थर असून त्यांतून निळ्या-हिरव्या छटा आणि पांढरा रंग मिळतो. शिवाय कटलफिश आणि ऑक्टोपस कातडीवर उंचवटे आणून खडक, वाळू किंवा शेवाळ यांचा पोतही साकारतात. थोडक्यात, या प्राण्याचे सर्वांग हा मेंदूला जोडलेला पडदा आहे. त्यावर प्रत्येक क्षणी नवे चित्र उमटू शकते.

कातडीवर दिसणारा विचार

मेंदूतील घडामोडी बाहेरून पाहता येत नाहीत, ही मेंदूविज्ञानाची मोठी अडचण आहे. माकुळाच्या बाबतीत ही अडचण काही अंशी दूर होते. मेंदूने दिलेली आज्ञा कातडीवर ठिपक्यांच्या रूपाने उमटते आणि कॅमेऱ्याने टिपता येते. जर्मनीतील फ्रँकफुर्ट येथील मॅक्स प्लांक मेंदू संशोधन संस्थेत जिल लॉरां यांच्या नेतृत्वाखाली याच दिशेने काम झाले. कटलफिशच्या अंगावरील हजारो रंगपिशव्यांच्या हालचालींचा एकाच वेळी मागोवा घेणारे त्यांचे संशोधन २०१८ साली 'नेचर' या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. कोणत्या पिशव्या एकत्र उघडतात आणि एकत्र मिटतात, यावरून त्यांना हुकूम देणाऱ्या चेतापेशींच्या रचनेचा अंदाज त्यामुळे बांधता आला.

याच गटाने २०२३ साली आणखी एक निष्कर्ष मांडला. कटलफिशला नव्या पार्श्वभूमीवर सोडले असता तो ठरावीक नक्षींपैकी एखादी निवडून मोकळा होतो, असा पूर्वीचा समज होता. प्रत्यक्षात तो थांबत थांबत, प्रत्येक टप्प्यावर नक्षीत दुरुस्ती करत अपेक्षित रूपाकडे सरकतो, असे आढळून आले. एखादा चित्रकार रंग लावून मागे सरकतो, पाहतो आणि पुन्हा हात फिरवतो, तशीच ही प्रक्रिया दिसते.

जपानमधील ओकिनावा विज्ञान व तंत्रज्ञान संस्थेत झालेले संशोधन याहूनही विस्मयकारक आहे. अदिती पोफळे, सॅम रायटर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी निशाचर ऑक्टोपसच्या झोपेचा अभ्यास केला. त्यांचा शोधनिबंध जून २०२३ मध्ये 'नेचर'मध्ये प्रसिद्ध झाला. शांत झोपलेल्या, फिकट पडलेल्या ऑक्टोपसच्या अंगावर साधारण तासाभराच्या अंतराने सुमारे एक मिनिटभर रंगांची वादळे उठतात. त्या वेळी डोळे व भुजा हलतात आणि मेंदूतील विद्युतक्रिया जागेपणीच्या क्रियेशी मिळतीजुळती असते. अंगावर उमटणाऱ्या नक्षीही जागेपणी वापरल्या जाणाऱ्या नक्षींसारख्याच असतात. हे स्वप्न आहे, असे म्हणण्यास संशोधक धजावलेले नाहीत. दिवसभरातील अनुभवांची उजळणी किंवा रंगयंत्रणेची तालीम अशा शक्यता त्यांनी मांडल्या आहेत. पण झोपेतही मेंदू रंगांचीच उलथापालथ करतो, एवढे त्यातून स्पष्ट झाले.

रंगांतून संवाद

रंगबदलाचा पहिला हेतू स्वसंरक्षण हा आहे. कवच गमावलेल्या मऊ शरीराला शत्रूपासून लपण्याशिवाय गत्यंतर नव्हते. मात्र लपण्यासाठी घडलेले हे यंत्र पुढे दिसण्यासाठी आणि सांगण्यासाठीही वापरात आले.

प्रणयकाळात कटलफिशचे नर एकमेकांसमोर येताच अंगावर ठळक काळे-पांढरे पट्टे आणतात. ही ताकदीची चाचपणी असते आणि बऱ्याचदा प्रत्यक्ष झुंज न होताच एक नर रंग फिका करून माघार घेतो. अरबी समुद्रातही आढळणाऱ्या सेपिया फॅराओनिस या कटलफिशच्या रंगांची, पवित्र्यांची आणि हालचालींची तपशीलवार सूची जपानमधील र्‍युक्यू विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१७ साली प्रसिद्ध केली. ही जात म्हणजे प्रत्यक्षात परस्परांशी जवळच्या अनेक जातींचा समूह असावा, असे आता मानले जाते. त्याच वर्षी त्याच विद्यापीठातून आलेल्या एका निबंधात या माकुळाच्या एका विलक्षण सवयीची नोंद आहे. तो आपल्या भुजा दुमडून व फडफडवून शंखातील खेकड्यासारखा भासतो. अशा वेशांतराने तो भक्ष्याच्या जवळ जात असावा, असा संशोधकांचा तर्क आहे.

ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्यावरील सेपिया प्लँगॉन या कटलफिशची चलाखी त्याहून वरची आहे. सिडनीतील मॅक्वारी विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१२ साली तिचे वर्णन केले. एका बाजूला मादी आणि दुसऱ्या बाजूला प्रतिस्पर्धी नर असेल, तर हा नर मादीकडील अर्ध्या अंगावर प्रणयाची नक्षी आणतो आणि प्रतिस्पर्ध्याकडील अर्ध्या अंगावर मादीची नक्षी धारण करतो. प्रतिस्पर्ध्याला वाटते की समोर दोन माद्याच आहेत. विशेष म्हणजे प्रतिस्पर्धी एकाहून अधिक असतील तर हा डाव तो टाळतो. एकाच वेळी दोन श्रोत्यांना दोन वेगळ्या गोष्टी सांगणे माणसाच्या तोंडाला शक्य नाही. माकुळाच्या कातडीला ते साधते.

अंधाऱ्या खोल समुद्रात रंग दिसणार कसे, या प्रश्नाचे उत्तर २०२० साली मिळाले. पूर्व प्रशांत महासागरातील हंबोल्ट स्क्विड झुंडीने शिकार करतात. कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यालगत शेकडो मीटर खोलीवर दूरनियंत्रित यानांनी केलेल्या चित्रणाचा अभ्यास बेंजामिन बर्फर्ड आणि ब्रूस रॉबिसन यांनी केला. या स्क्विडचे अंग आतून मंद उजळते आणि त्या उजेडावर कातडीतील गडद नक्षी उठून दिसते. परिस्थितीनुसार या नक्षी बदलतात. इतक्या दाटीत शिकार करूनही ते एकमेकांवर आदळत नाहीत, यामागे हे संकेत असावेत, असे या संशोधकांना वाटते.

ही भाषा म्हणावी काय?

संकेत आणि भाषा यांत अंतर आहे. चौकातील तांबडा दिवा संकेत देतो, पण तो बोलतो असे कोणी म्हणत नाही. भाषेत मर्यादित चिन्हांच्या जुळणीतून अमर्याद अर्थ निर्माण करता येतात आणि समोर नसलेल्या गोष्टींविषयीही सांगता येते. मधमाशीचे नृत्य दूरवरील फुलांची दिशा व अंतर सांगते. हे दाखवून देणाऱ्या कार्ल फॉन फ्रिश यांना १९७३ साली नोबेल पारितोषिक मिळाले. माकुळाच्या बाबतीत अशी उकल अद्याप झालेली नाही.

तसा प्रयत्न मात्र झाला आहे. मार्टिन मॉयनिहन आणि आर्काडियो रोदानिचे यांनी पनामा परिसरात कॅरिबियन प्रवाळ स्क्विडचे दीर्घकाळ निरीक्षण करून १९८२ साली आपला प्रबंध प्रसिद्ध केला. या स्क्विडच्या रंगनक्षी, भुजांच्या ठेवणी आणि हालचाली यांच्या जुळण्यांना एक प्रकारचे व्याकरण आहे आणि ती दृश्य भाषाच मानावी लागेल, असा त्यांचा दावा होता. या दाव्याचे कौतुक झाले तसे खंडनही झाले. बोलणाऱ्याच्या अंगावर अनेक नक्षी उमटतात हे खरे, परंतु पाहणारा स्क्विड त्या प्रत्येक जुळणीचा वेगळा अर्थ लावतो, हे सिद्ध झालेले नाही, हा त्यावरील मुख्य आक्षेप आहे. ऐकणाऱ्याला कळल्याशिवाय बोलणे पूर्ण होत नाही.

दुसरी अडचण समाजजीवनाची आहे. भाषा पिढीकडून पिढीकडे जाते. माकुळाचे आयुष्य साधारण एक ते दोन वर्षांचे असते. कटलफिशची मादी शेवाळ, पोवळी किंवा दोरखंड यांना अंडी चिकटवते आणि काही काळातच मरते. पिल्लांना शिकवायला आईबाप हयात नसतात. अशा स्थितीत शब्दसंग्रह वाढणार कसा? मात्र शिकण्याची कुवत त्यांच्यात नाही, असे नाही. सामान्य युरोपीय कटलफिशची पिल्ले अंड्याच्या पारदर्शक भिंतीतून बाहेर पाहत असतात. अंड्यात असताना खेकडे दिसलेली पिल्ले जन्मानंतर खेकड्यांनाच पसंती देतात, असे प्रयोगांत दिसून आले आहे. तैवानमधील संशोधकांनी २०१६ साली दाखवून दिले, की सेपिया फॅराओनिसला चार कोळंब्या आणि पाच कोळंब्या यांतील फरक कळतो. केंब्रिज विद्यापीठाच्या संशोधकांनी २०२१ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात कटलफिशने समोरचे दुय्यम भक्ष्य न खाता आवडत्या भक्ष्यासाठी १३० सेकंदांपर्यंत धीर धरला.

या सर्वांतून निघणारा निष्कर्ष सावध आहे. माकूळ रंगांतून संकेत देतो, फसवतो आणि धमकावतो, हे निश्चित आहे. त्याच्या मेंदूतील हालचाल कातडीवर दिसते, हेही निश्चित आहे. त्याला भाषा आहे, हे मात्र सिद्ध झालेले नाही.

रंगांध रंगारी

या साऱ्या प्रकरणातील सर्वांत मोठे कोडे वेगळेच आहे. रंगांचा हा बादशहा बहुधा रंगांध आहे. माणसाच्या डोळ्यात रंग ओळखणाऱ्या तीन प्रकारच्या पेशी असतात. बहुतेक शीर्षपादांच्या डोळ्यांत मात्र प्रकाशग्राही द्रव्याचा एकच प्रकार आढळतो. जपानच्या समुद्रातील काजवा स्क्विडसारखे अपवाद विरळा. मग न दिसणाऱ्या रंगांशी तो स्वतःचा रंग जुळवतो कसा?

याची अनेक उत्तरे सुचवली गेली आहेत. पाण्याखाली दूरवर तांबडा रंग पोहोचतच नाही, त्यामुळे उजेड-अंधाराची अचूक जुळणीही पुरेशी ठरत असावी. कटलफिशच्या बाहुलीचा आकार इंग्रजी 'डब्ल्यू' अक्षरासारखा असतो. अशा विचित्र आकाराच्या बाहुल्यांतून वेगवेगळ्या रंगांचे किरण वेगवेगळ्या अंतरावर एकत्र येतात आणि त्यावरून हा प्राणी रंग ताडत असावा, असा एक सिद्धांत २०१६ साली मांडला गेला. ऑक्टोपसच्या कातडीतही डोळ्यातल्यासारखी प्रकाशग्राही द्रव्ये असून डोळ्यांच्या मदतीशिवाय ती प्रकाशाला प्रतिसाद देते, असे २०१५ साली दिसून आले. शिवाय माणसाला न जाणवणारा प्रकाशाचा एक गुणधर्म, म्हणजे ध्रुवीकरण, या प्राण्यांना स्पष्ट दिसतो. माणूस ज्याला 'रंगांची भाषा' म्हणतो, ती त्यांच्या दृष्टीने कदाचित रंगांची नसेलच. परक्या बुद्धीचा अर्थ आपल्या इंद्रियांच्या मापाने लावण्यातील धोका यावरून लक्षात येतो.

खरेच परग्रहावरून?

माकुळाचे हे वेगळेपण पाहून काहींनी तो शब्दशः परग्रहवासी असल्याचाही दावा केला. २०१८ साली ३३ लेखकांच्या एका निबंधात, गोठलेल्या अवस्थेतील ऑक्टोपस किंवा स्क्विडची अंडी कोट्यवधी वर्षांपूर्वी बर्फाळ अशनींबरोबर पृथ्वीवर आली असावीत, अशी शक्यता मांडण्यात आली. त्या लेखकांत चंद्रा विक्रमसिंघे यांचा समावेश होता. जीवनाची बीजे अंतराळातून आली, हा विचार त्यांनी फ्रेड हॉयल यांच्यासमवेत अनेक वर्षे मांडला होता.

या विचाराची रीतसर चाचणी घेण्यात एका मराठी शास्त्रज्ञाचा पुढाकार होता. हॉयल यांचे शिष्य आणि पुण्यातील 'आयुका'चे संस्थापक संचालक डॉ. जयंत नारळीकर यांच्या मार्गदर्शनाखाली २००१ साली हैदराबाद येथून फुगा सोडून ४१ किलोमीटर उंचीपर्यंतच्या हवेचे नमुने गोळा करण्यात आले. २००५ साली पुन्हा तसाच प्रयोग झाला आणि त्यातून जिवाणूंच्या तीन नव्या जाती सापडल्याचे 'इस्रो'ने २००९ साली जाहीर केले. त्यांपैकी एकीला हॉयल यांचे, तर दुसरीला आर्यभटाचे नाव देण्यात आले. मात्र हे जिवाणू अंतराळातूनच आले, असे त्यावरून ठामपणे म्हणता येत नाही, हेही त्याच वेळी स्पष्ट करण्यात आले होते.

ऑक्टोपसच्या बाबतीत तर अशा शक्यतेला आधारच नाही. २०१५ साली त्याचा संपूर्ण जनुकसंच वाचण्यात आला. त्यात सुमारे ३३ हजार जनुके आढळली आणि मेंदूच्या जडणघडणीशी संबंधित काही जनुककुळांचा प्रचंड विस्तार दिसला. पण त्याचे नाते शिंपल्या-गोगलगायींशीच आहे, हेही त्याच जनुकसंचाने दाखवून दिले. बहुसंख्य जीवशास्त्रज्ञांनी २०१८ सालचा दावा त्यामुळे फेटाळला. माकूळ पृथ्वीचाच आहे. पृथ्वीवर बुद्धी दोनदा, दोन वेगळ्या घाटांची घडली, ही गोष्ट परग्रहाच्या कल्पनेइतकीच रोमांचक आहे.

गढूळ पाण्यातील अनोळखी शेजारी

वसईच्या दक्षिणेस उल्हास नदीची खाडी आणि उत्तरेस वैतरणेचे मुख आहे. या दोन्हींमधून येणारा गाळ, भरती-ओहोटीचा जोर आणि शहरांचे सांडपाणी यांमुळे येथील किनाऱ्याचे पाणी बहुतांश काळ गढूळ असते. ऑस्ट्रेलिया किंवा ओकिनावा येथील स्वच्छ पाण्यात बुडी मारून माकुळाचे वर्तन पाहता येते, तसे ते येथे दिसणे अवघड आहे. परिणामी वसईकरांना माकूळ दिसतो तो जाळ्यातून वर काढल्यानंतरच. त्या वेळी त्याच्या अंगावर झरझर रंग उमटतात, ठिपके पसरतात व मिटतात आणि शाईची पिचकारी सुटते. ही त्याची अखेरची घडी असते. प्राण गेल्यावरही काही काळ कातडीवर ठिपक्यांची थरथर सुरू राहते, कारण तेथील स्नायू व चेतातंतू लगेच निकामी होत नाहीत.

त्या रंगांचे वाचन बाजारात होतेच, पण ते ताजेपणापुरते. ताज्या माकुळाची कातडी चकचकीत असते आणि ठिपके स्पष्ट दिसतात. शिळा होत जाईल तशी ती निस्तेज व गुलाबी पडते.

या प्राण्याला वेदना जाणवते काय, हा प्रश्न आता कायद्याच्या दारात पोहोचला आहे. युरोपीय संघाने २०१० सालच्या निर्देशानुसार प्रयोगशाळेतील शीर्षपादांना पाठीचा कणा असलेल्या प्राण्यांसारखेच संरक्षण दिले. ब्रिटनने २०२२ सालच्या प्राणी संवेदनक्षमता कायद्यात शीर्षपादांचा समावेश केला. अमेरिकेतील वॉशिंग्टन आणि कॅलिफोर्निया या राज्यांनी २०२४ साली ऑक्टोपसच्या शेतीवर बंदी घातली. भारतात १९६० सालच्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यात माणसाव्यतिरिक्त प्रत्येक सजीवाला 'प्राणी' म्हटले आहे. अन्नासाठी मारण्यास त्यात मुभा असली तरी अनावश्यक यातना देण्यास नाही.

मासेमारीच्या दृष्टीनेही हा प्राणी वेगळा आहे. एकदाच प्रजनन करून मरणारा, अल्पायुषी माकूळ अंडी घालण्यापूर्वीच मोठ्या प्रमाणावर जाळ्यात आला, तर पुढील वर्षाची पिढीच घटते. महाराष्ट्रात यांत्रिक नौकांसाठी १ जून ते ३१ जुलै या ६१ दिवसांच्या मासेमारी बंदीचा हेतू प्रजननास वाव मिळावा हाच आहे. तळ खरवडणाऱ्या जाळ्यांमुळे अंडी चिकटवण्याच्या जागाही नष्ट होतात. पारंपरिक मच्छीमार आणि ट्रॉलरमालक यांच्यातील जुन्या वादाला ही एक कमी चर्चिलेली बाजू आहे.

या किनाऱ्यावरील माकुळाविषयीची बरीचशी शास्त्रीय माहिती मत्स्योत्पादनाच्या अंगाने जमा झालेली आहे. १९४७ साली स्थापन झालेली केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्था आणि मुंबईत वर्सोवा येथे असलेली केंद्रीय मत्स्य शिक्षण संस्था यांनी जाती, वाढ आणि पकड यांविषयी मोलाचे काम केले आहे. गढूळ पाण्यात माकूळ एकमेकांना कसे ओळखतात, रंग दिसेनासे झाल्यावर संकेत कसे देतात, हे प्रश्न त्यापुढचे आहेत. वाढत्या गढूळपणाचा अर्थ माकुळासाठी केवळ घाण पाणी एवढाच नसावा. डोळ्यांनी ऐकणाऱ्या प्राण्यासाठी तो कदाचित गोंगाट असेल.

दूरच्या ताऱ्यांवरून एखादा संदेश येईल म्हणून जगभरातील दुर्बिणी आकाशाकडे कान लावून आहेत. तो आला तर तो शब्दांत असेल, रंगांत असेल की आणखी कशात, हे कोणी सांगू शकत नाही. रंगांत व्यक्त होणारा एक जीव मात्र अर्नाळ्याच्या समुद्रात आजही वावरतो. त्याचे म्हणणे समजण्याची संधी तो जिवंत असेतोवरच आहे.